भुताच्या गाण्याचा अंतरा

मी अन् बायकोनं मिळून शेवटचं काम केलं ते मेथी निवडायचं. सकाळची वेळ. ती पानं खुडत होती, मी काड्या बाजूला टाकत होतो अन् तिला भुताच्या गाण्याचा अंतरा विचारत होतो.

मी सिनेमाला संगीत द्यायचो. माझं नाव कुणाला माहीत नसंल. पोस्टरवर ते सगळ्यात खाली यायचं अन् खेळाच्या वेळेची चिठ्ठी नेमकी त्याच्यावरच चिकटवायचे. निजामावर पोलीस ॲक्शन झाली तेव्हा मी आईच्या कडेवर होतो. शाळा चौथीपर्यंत. पुढं लग्नाच्या बँडात वाजवलं, पेटी शिकलो. गुलमंडीच्या बाजारातल्या एका कापडवाल्याला सिनेमे काढायची हौस आली अन् त्यानं मला धरलं. भुताचे, डाकूंचे, नागिणीचे. शूटिंग सोयगावकडच्या डोंगरात, खेळ तालुक्याच्या टॉकीजात. असे सात केले. चांगले नव्हते.

मला सूर लिहिता येत नाय. चाल सुचली की थोड्या वेळात डोक्यातून जायची. म्हणून घरी आलो की आधी बायकोला म्हणून दाखवायचो. पीठ मळता मळता ती दोनदा ऐकायची. झालं, तिच्यापाशी राहिली. रेकॉर्डिंगला तिला संग न्यायचो. वाजवणारे म्हणायचे, मास्तरांचा डबा आला. मी पाणी प्यायच्या निमित्तानं तिच्याजवळ वाकायचो अन् ती कानात पुढची ओळ गुणगुणायची. हे मी कुणाला सांगितलं नाय. सांगायला पाहिजे होतं.

भुताच्या सिनेमाची रिळं सडली. त्या गाण्याची तबकडी निघालीच नाय. माझी बरी म्हणावी अशी तेवढी एकच चाल, अन् ती फक्त तिला येत होती. मला ती पेटीवर बसवून फोनमधी भरून ठेवायची होती.

तिनं मेथी खुडता खुडता मुखडा म्हटला, मग अंतरा.

"हा डाकूच्या गाण्याचा अंतरा हाय," मी म्हणालो. "दोन्हीची खिचडी केलीस."

"चाल तुमची, सांभाळली मी. आता मलाच शिकवा."

"म्हातारी झालीस."

"व्हय. अन् तुम्ही भुताच्या सिनेमात बिनामेकअपचे चालाल."

मी पेटी काढली नाय. म्हटलं, तिला नीट आठवंल तेव्हा काढू. भाजी फोडणीला टाकायला ती उठली अन् ओट्यापाशीच खाली बसली. दवाखान्यात नेईस्तोवर संपलं होतं. गंगापूरहून तिची धाकटी बहीण जीपनं आली. दिवस मावळायच्या आत सगळं उरकलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी माळ्यावरून पेटी उतरवली.

"दाजी, सुतकात पेटी?" मेव्हणी म्हणाली. "लोकं काय म्हणतील?"

"तेरा दिवसांनी मला आठवंल व्हय?"

तिनं गल्लीकडची खिडकी लावून घेतली.

"हळू वाजवा."

भरून घ्यायला फोन मेव्हणीच्या हातात दिला. मुखडा सरळ आला. अंतऱ्यापाशी बोटं थांबली. बायकोचा चुकला म्हणालो होतो, पण बरोबर कोणता ते मला येत नव्हतं. तिनं म्हटला होता तसाच वाजवला. दोनदा.