साळूबाईचा व्हायवा

बोरगाव मेघेच्या नमिता देवतळे म्हणजे एका म्यानात दोन तलवारी. दिवसा विद्यापीठात इतिहास शिकवायच्या आणि घरी येऊन ऐतिहासिक कादंबऱ्या लिहायच्या. वर्गात कुणी पुराव्याशिवाय शब्द काढला की त्याची धडगत नसे; कादंबरीत मात्र बाईंचा घोडा चौखूर उधळलेला. खवचट सहकारी विचारायचे, मॅडम, आज खरं बोलायचा वार आहे की खोटं? बाई हसून सोडून द्यायच्या, पण ते लागायचंच त्यांना.

अशात त्यांची विद्यार्थिनी रोशनी थूल हिचा व्हायवा लागला. पीएच.डी.ची शेवटची तोंडी परीक्षा, तीही सगळ्यांसमोर. पोरगी सेलूची, घरात इतकी शिकलेली पहिलीच. मायबाप नवे कपडे घालून पहिल्या रांगेत बसलेले. विषय होता हिंगणघाटचा जुना कापूसबाजार. बाहेरून परीक्षक आले होते सदाशिवराव, या विषयातलं बडं प्रस्थ. ते भाळले चौथ्या प्रकरणावर. त्यात होती साळूबाई, पेंढाऱ्यांच्या धामधुमीत तलवार घेऊन स्वतः कापसाच्या गाड्यांवर बसणारी व्यापारीण. हे प्रकरण म्हणजे प्रबंधाचा प्राण आहे, असं ते म्हणाले. म्हणणारच, सगळे संदर्भ त्यांच्याच पुस्तकातले होते.

नमिताबाई समाधानानं मान डोलवत होत्या. तेवढ्यात साळूबाईच्या लाडक्या बैलाचं नाव आलं, गबरू, आणि बाईंची डोलणारी मान जागीच थांबली. ते नाव त्यांनी स्वतःच्या बोक्यावरून ठेवलं होतं! साळूबाई त्यांच्याच पहिल्या कादंबरीतली. अहो, स्वतः जन्माला घातलेली बाई त्या साफ विसरल्या होत्या. प्रकरण तपासताना वाटलं, हे आपण कुठंतरी वाचलंय, म्हणजे खरंच असणार. आणि ठोकली सही.

आता बोलावं तर पोरीची पदवी जाणार, गप्प बसावं तर थाप इतिहासात जाऊन बसणार. शेवटी बाई उठल्या आणि सगळं सांगून मोकळ्या झाल्या. चूक माझी, पोरीची नाही, हेही सांगितलं. सदाशिवरावांचा चेहरा खर्रकन उतरला. त्यांना ती गोष्ट कुणीतरी जुनी आख्यायिका म्हणून ऐकवली होती, आणि त्यांनी ती बिनघोर छापली होती. मग मात्र ते असे हसत सुटले की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. बाकीची प्रकरणं बावनकशी आहेत, चौथं तेवढं काढा, पदवी पक्की, असा निकाल त्यांनी दिला.

टाळ्या झाल्या. मायबाप रडले. रोशनी मात्र खिडकीशी जाऊन मुसमुसत उभी राहिली. बाईंनी जवळ जाऊन तिची माफी मागितली.

"पदवीचं नाई, मॅडम," ती म्हणाली. "घरी माह्यं लग्न ठरवून राह्यले होते, तवा मी साळूबाईचंच वाचत होती. तिच्यामुळं मले नाई म्हणायची हिंमत आली. अन् आता तुम्ही म्हणता, ते नव्हतीच."

बाईंनी पोरीला जवळ ओढलं.

"नव्हती गं," त्या म्हणाल्या. "नाही म्हणालीस ती तूच."