पिठावरचा ठसा

शेणव्याला राहायला आले आणि माझं रंगांवरचं मनच उडालं. सारवलेल्या जमिनीवर तांदळाचं पीठ चाळायचं, त्यावर विळा, तांब्या, फणी, हाताला लागेल ते ठेवायचं, अलगद उचलायचं आणि राहिलेल्या ठशाचा फोटो काढायचा, हेच काम. प्रदर्शनात लोक त्या फोटोंपुढे उभे राहतात. गावात म्हणतात, बाईचं डोकं फिरलंय, खायचं पीठ मातीत घालते. म्हणू देत बापडे.

शेजारीण मात्र हौसेने घरातलं काही ना काही आणून द्यायची. तिचा नवरा तानसाच्या तलावावर मासे धरायला गेला तो परतलाच नाही. काठावर नुसत्या चपला सापडल्या. दीर-नणंदा दिवस घाला म्हणून मागे लागले होते, पण ही कसली ऐकतेय! रोज कुंकू लावायची, त्याचं ताट वाढायची. तो गेला असं जो म्हणेल त्याच्याशी बोलणं बंद.

त्या दुपारी ती त्याचीच एक चप्पल घेऊन आली. मी ठसा घेतला, चप्पल तिच्या हातात दिली. आभाळ भरून आलेलं, त्यात लाइट गेली. मी कॅमेऱ्याची बॅटरी शोधायला आत गेले.

बाहेर आले तर तिने अंधार झाला म्हणून पिठाशेजारी दिवा लावलेला, कोंबड्या पीठ विस्कटतील म्हणून वर टोपली पालथी घातलेली, आणि स्वतः भिंतीला टेकून उभी, चेहरा पांढराफटक. मग माझ्याही डोक्यात प्रकाश पडला. माणूस गेला की आमच्याकडे हेच मांडतात. पीठ, दिवा, वर टोपली. नंतर टोपली उचलून बघतात, पाऊल कसलं उमटलं ते. जे तिने कोणाला करू दिलं नव्हतं ते तिच्याच हातून झालं होतं.

मी चिडूनच म्हटलं, असं काही नसतं गं, उचलते मी. तिने माझा हात बाजूला केला आणि टोपली स्वतः उचलली.

चपलेचा ठसा जागच्या जागी होता. त्याच्या आत पायाची पाच बोटं उमटली होती. तिथलं पीठ भिजलेलं. मी आधी तिच्या पायांकडे बघितलं, मग माझ्या. कोरडे. घरात तिसरं कोणी नव्हतं. मी भयंकर घाबरले.

ती मात्र वाकून बघत राहिली. मग तिने पदराने कपाळ पुसलं, नीट, कुंकवाचा डागही न ठेवता.

"काढ गो आता फोटो," ती म्हणाली. "हार घालायला कायतरी लागल ना."