पिम-सानचा शेवटचा अंक

स्नेहलताने क्लिफर्ड पिमना पहिल्यांदा पाहिलं ते टोकियोतल्या हिगाशी-कसाई भागात, तिच्या इमारतीतल्या कचरा ठेवायच्या खोलीत, आणि आता आपलं काही खरं नाही अशी तिची खात्रीच पटली. तिच्या हातात चुकीच्या वारी आणलेली कचऱ्याची पिशवी आणि दारात हा माणूस. उंची लिफ्टएवढी, भुवया एकेका मांजराएवढ्या आणि चेहरा असा की त्याने नुसतं ‘ओहायो’, म्हणजे सुप्रभात, म्हटलं तरी समोरच्याने गुन्हा कबूल करावा. तिने केलाही.

“प्लास्टिकचा वार उद्या आहे, माहीत आहे मला,” ती इंग्रजीत पुटपुटली.

“मलाही,” असं कुजबुजत त्याने पाठीमागे लपवलेली पिशवी दाखवली. “इमारतीचा व्यवस्थापक येतोय का, बघाल? फार घाबरतो हो मी त्याला.”

या चेहऱ्यावरच पिम-सान, म्हणजे जपानीत पिमसाहेब, जगले होते. इंग्लंडमधल्या गावोगावच्या थिएटरांत आणि कुणालाही न आठवणाऱ्या सिनेमांत ते खुनी नाहीतर जल्लाद व्हायचे आणि बहुधा मध्यंतराआधीच मरायचे. जपानी बायकोबरोबर टोकियोला आले, तर इथल्या टीव्हीलाही गोरे खलनायक हवेच होते. मग बायको गेली, कामं आटली. आणि आता, पंचाहत्तरीला, एका हौशी इंग्रजी नाटकमंडळीने त्यांना शेवटच्या अंकापर्यंत जिवंत राहणारी भूमिका दिली होती. न्यायाधीशाची.

“रात्री पाठ केलेलं सकाळी राहत नाही,” ते स्नेहलताच्या स्वयंपाकघरात चहाचा कप दोन्ही हातांनी धरून म्हणाले. “मंडळीला कळलं तर भूमिका काढून घेतील.”

“मी बसते की विंगेत. पुण्यात स्पर्धेच्या नाटकांना प्रॉम्प्टिंग केलंय मी.”

“घरीही करते,” तिचा नवरा जयेश म्हणाला. “मी तोंड उघडायच्या आत माझं वाक्य बोलून मोकळी होते.”

तालमींच्या वेळी तिची सुपरमार्केटमधली ड्यूटी असे. त्यामुळे ती थेट पहिल्या प्रयोगालाच विंगेत बसली. पिम-सानच्या देशातला प्रॉम्प्टर नट बुडायला लागेपर्यंत मुका बसतो. स्नेहलताच्या पुण्यात तो नटाच्या अर्धं वाक्य पुढे राहून अखंड वाचत जातो आणि नट त्या आधाराने पोहतो. हे दोघांनीही एकमेकांना विचारलं नव्हतं.

पडदा उघडला. पिम-साननी पहिलं वाक्य झकास टाकलं. दुसऱ्यासाठी श्वास घेतला, तोच विंगेतून ते वाक्य आलं. म्हणजे आपण विसरलो, असं त्यांना वाटलं. त्यांचा चेहरा पांढरा पडला. तो पांढरा चेहरा पाहून स्नेहलताने आवाज चढवला. आवाज चढला तसे ते आणखी गारठले. तिसऱ्या प्रवेशापर्यंत प्रत्येक वाक्य प्रेक्षकांना दोनदा ऐकू येत होतं, आधी मराठी वळणाच्या इंग्रजीत आणि मग थरथरत्या भुवयांखालून. फाशी सुनावताना आरोपीपेक्षा न्यायाधीशच जास्त घाबरला होता. लोक हसले, भरपूर टाळ्याही पडल्या.

विंगेत येऊन पिम-सान खुर्चीत कोसळले.

“मला पाठ होतं. सगळं.”

“मग थांबत का होतात?”

“तुम्ही बोलत होतात.”

पुढच्या प्रयोगांत न्यायाधीशाची भूमिका त्याच मंडळीतल्या एका ऑस्ट्रेलियन दंतवैद्याने केली. त्याला प्रॉम्प्टर लागला नाही.