मामांना ओळखायची मनाई

आमच्या गावच्या रखवालदार मामांइतका सावध माणूस सगळ्या वऱ्हाडात झाला नसेल, आणि त्यांच्याइतकी चोराच्या सोयीची राखणही कुणी केली नसेल. ही दोन्ही विधानं मी पूर्ण विचार करून करतो आहे. केनवडपासून दोन कोसांवर आमचं गाव. तेव्हा घरं बासष्ट, खळी सतरा, आणि या सगळ्यांवर रखवालदार एक. तालुक्याच्या रस्त्यावर मोटार लॉरी अजून दिसायची होती. मामा मूळचे वाशीमजवळच्या मालेगावकडचे. त्यांची बहीण आमच्या गावात दिली होती. तिला पहिल्या दिवाळीनंतर सासरी पोचवायला म्हणून ते आले आणि परत जायचं विसरले. पुढे बहीण वारली, मेहुणा वारला, मामा मात्र राहिले आणि सबंध गावाचे मामा झाले. त्यांच्यापेक्षा वयाने मोठे असलेले पाटीलसुद्धा त्यांना मामाच म्हणत.

त्यांच्या नोकरीचा करार फार आटोपशीर होता. पाडव्याला चावडीवर पाटलांनी म्हणायचं, "मामा, यंदा बी तुमीच," आणि मामांनी मान डोलवायची. झालं वर्ष पक्कं. खळ्यामागे एक सूप ज्वारी, आणि नाल्याकाठच्या पडीक जागेवर राहायला खोपटं. रजा नाही, बदली माणूस नाही, आणि सगळ्या गावाची राखण करणाऱ्याच्या खोपटाची राखण कोण करतं हा प्रश्न कुणाला कधी पडला नाही. पाडव्याला ते चार शब्द उच्चारले गेले नाहीत तर खोपटंही गेलं, हे मात्र सगळ्यांना ठाऊक होतं. मामांना तर सर्वांत जास्त. पाडव्याच्या आधी आठ दिवस त्यांना जेवण जात नसे.

मामांच्या रात्रीच्या राखणीबद्दल मी काही लिहिणार नाही, कारण त्या वेळी मी झोपलेला असे. दिवसाचं मी पाहिलं आहे. वावराकडे जाताना मामा शंभर पावलांवरून खाकरत. मग काठी दगडावर आपटत. मग "कोन हाय रे तिकडं, मी येऊन राह्यलो" असं सांगत. या तीन सूचनांनंतरही एखादा चोर थांबलाच, तर तो बहिरा, लंगडा किंवा त्या वावराचा मालक असणार. मी एकदा त्यांना म्हटलं की मामा, अशाने चोर सापडायचा कसा? ते माझ्याकडे दयेनं पाहत म्हणाले, "भाऊ, सापडला तं त्याले ठाण्यावर नेनं आलं. जायले-यायले आख्खा दिवस. तवापर्यंत इकडं सतरा खळे उघडे. एका चोरापायी सतरा खळे सोडू काय मी?" मी घरी येऊन हा हिशेब पुन्हा करून पाहिला. त्यात चूक नव्हती.

त्यांच्याकडे एक पितळी बिल्ला होता. मालेगावच्या बाजारात जुन्या मोडीत मिळालेला, बहुधा कुठल्यातरी स्टेशनावरच्या हमालाचा. त्यावर १७ आकडा होता. तो ते छातीवर लावत आणि आठवड्यातून दोनदा चिंचेनं घासत. गावात एकच रखवालदार असताना सतरावा नंबर कसा, असं मी विचारलं. मला असल्या गोष्टी खटकतात. मामांनी फार वेळ विचार केला आणि सांगितलं की बाकीचे सोळा दुसरीकडं आहेत. हे त्यांनी इतक्या खात्रीनं सांगितलं की त्या सोळा जणांचं कसं काय चाललं असेल याची मलाच काळजी वाटू लागली.

गावात शिरणाऱ्या आणि गावातून निघणाऱ्या प्रत्येकाला मामा अडवत. कुठे निघालात, कधी येणार, गाठोड्यात काय, घरी काय शिजवलं. संशय म्हणून नव्हे. माहिती असावी म्हणून. आणि माहिती एकट्यानं ठेवून काय करायची, म्हणून ती पुढच्या वाटसरूला देत. एकदा आम्ही घरचे पाचही जण लग्नाला रिसोडला गेलो. परतलो तर आमच्या ओट्यावर एक कासारीण, एक कल्हईवाला आणि एक अनोळखी म्हातारे गृहस्थ आरामात बसलेले. मामांनी त्यांना सांगितलं होतं की घरी कोणी नाही, दिवस कलल्यावर येतील, किल्ली कोनाड्यात आहे, तहान लागली असेल तर रांजण भरलेला आहे. घरातली चमच्याएवढी वस्तूही हलली नव्हती. उलट कासारणीनं अंगण झाडून ठेवलं होतं. मी रागानं मामांकडे गेलो, तर ते म्हणाले की एका माणसाला सांगितलं असतं तर धोका होता, तिघांना सांगितल्यामुळे तिघंही एकमेकांवर नजर ठेवून होते.

पण एक विद्या त्यांच्यापाशी अशी होती की तिच्यापुढे मी हात जोडतो. आमच्याकडे ज्वारी कापली की कडब्याच्या पेंढ्या बांधतात, त्या ज्वारीच्याच ताटाला पीळ देऊन केलेल्या बंधानं. तुम्हाआम्हाला सगळे बंध सारखे. मामांना मात्र प्रत्येक हाताचा पीळ वेगळा दिसे. कुणी डावीकडून पिळतो, कुणी टोक दोनदा खोचतो, कुणाचा बंध घाईचा, कुणाचा रागाचा. माझी पेंढी हातात घेऊन एकदा ते म्हणाले होते, "हे तुमच्या घरच्या बाईनं बांदली. अन बांदतानी तुमच्याशी बोलत नव्हती." ते खरं होतं. त्या दिवसाचं कारण इथे सांगण्याची गरज नाही.

अशा रीतीनं सगळं सुरळीत चाललं असताना एका वर्षी पाडव्याच्या तोंडावर वाशीमहून एक ठेकेदार गावात आला. तो जिनिंगच्या कारखान्यांना रखवालदार पुरवत असे आणि आता खेड्यांकडे वळला होता. त्यानं नमुना म्हणून एक माणूस बरोबर आणला होता. खाकी कोट, पायाला पट्ट्या, गळ्यात शिट्टी. ठेकेदारानं चावडीवर समजावून सांगितलं की त्याचा माणूस कुठल्याही गावात एक महिन्याच्या वर राहत नाही. ओळखी झाल्या की राखण ढिली पडते. म्हणून महिना झाला की हा माणूस उचलायचा आणि दुसरा ठेवायचा. लोकांना हे फार पटलं. पाटलांनी कौतुकानं त्या खाकी कोटाला त्याचं गाव विचारलं. तो म्हणाला, "इंझोरी." इथे कसं वाटतं म्हणून विचारलं, तर त्यानं ठेकेदाराकडे वळून हळूच विचारलं की हे गाव कोणतं.

मामा कोपऱ्यात उभे होते. बिल्ला घासलेला होता, चेहरा उतरलेला. ठेकेदारानं त्यांच्याकडे बोट करून विचारलं की या म्हाताऱ्याला असं काय येतं जे माझ्या माणसाला येत नाही? कुणीतरी पेंढ्यांचं सांगितलं. ठेकेदार हसला. मग पाटील म्हणाले की परीक्षाच घेऊ, पाडव्याच्या सकाळी, सगळ्या गावासमोर. जो जिंकेल तो वर्षभर राहील.

परीक्षेची मांडणी माझ्याकडे आली. मी पाच घरच्या गंज्यांतून प्रत्येकी पाच अशा पंचवीस पेंढ्या काढल्या, कोणती कुठली ते कागदावर टिपलं, कागद खिशात घातला आणि पेंढ्या गाडीत उलटसुलट करून चावडीपुढे आणल्या. त्यात पाच माझ्या गंजीतल्या होत्या आणि पाच पाटलांच्या. आधी खाकी कोट पुढे आला. त्यानं गाडीभोवती दोन फेऱ्या मारल्या, पेंढ्या मोजल्या, "पंचवीस हायेत" म्हणून सांगितलं आणि शिट्टी वाजवली. कुणाच्या कुठल्या असं विचारल्यावर तो प्रामाणिकपणे म्हणाला, "मले तं सगळ्या सारख्याच दिसून राह्यल्या."

मग मामा आले. एकेक पेंढी उचलावी, बंधावरून अंगठा फिरवावा आणि खाली ठेवावी. बघता बघता ढीग झाले. पाच नव्हेत, आठ. मामा चुकले, खोपटं गेलं, असं वाटून मी कागद काढला आणि वाचू लागलो. पाटलांच्या पाचांपैकी तीनच पाटलांच्या ढिगात होत्या. "बाकीच्या दोन कुठे?" मी विचारलं.

मामा म्हणाले, "त्या पाटलाच्या गंजीतून आल्या असतील, भाऊ. पन पाटलाच्या नाहीत. एक तुमची हाय. अन एक त्या तिकडच्या आळीतल्या सुताराची."

मी पुढे वाचत गेलो आणि प्रत्येक ओळीला तेच. जी पेंढी ज्या गंजीतून आली, ती तिथलीच असेल असं नव्हतं. वाऱ्यानं म्हणा, बैलानं म्हणा, की हातानं म्हणा, सगळ्या गावाचा कडबा सगळ्या गावात फिरलेला होता. माझ्या गंजीतल्या पाचांपैकी दोन माझ्या नव्हत्या. गंजीत बाराशे पेंढ्या होत्या. मी मनात पुढचा गुणाकार सुरू केला आणि मध्येच थांबवला.

मग जे व्हायचं ते झालं. सुतार पाटलांच्या गड्याला बोलू लागला, गडी माझ्याकडे हात करू लागला, माझ्या घरची बायकांच्या घोळक्यातून मला खुणा करू लागली की गप्प बसा. सतरा वर्षांपूर्वीचे बांधांचे तंटे वर निघाले. ठेकेदार खुशीत येऊन म्हणाला की मी हेच सांगत होतो, ओळखणारा माणूस गावात ठेवला की भांडण आलंच. आणि खरं सांगायचं तर अर्धी चावडी त्याच्या बाजूनं माना डोलवू लागली. जिंकलेला माणूस हरायला आला होता. मामा त्या आठ ढिगांमध्ये उभे राहून बिल्ल्याशी चाळा करत होते.

तेव्हा पाटलांच्या आई बोलल्या. ऐंशीच्या आसपासच्या त्या चावडीच्या पायरीवर बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "त्या खाकीवाल्याले सगळ्या पेंड्या सारख्या. मंग त्याले सगळे मानसं बी सारखेच दिसतीन. त्याच्यासमोरून कोनी बी गाडी भरून नेईन, अन हा शिट्टी वाजवत बसन." मग त्यांनी निकाल दिला, "मामाच राहीन. पन वळखायचं नाही."

सगळ्यांना हायसं वाटलं. चोरांची भीती गेली आणि आपलीही गेली. पाटलांनी घाईघाईनं "मामा, यंदा बी तुमीच" म्हणून टाकलं. मामांनी मान डोलवली, मग हळूच विचारलं, "मंग मी पाहू काय?"

"पाहा ना सगळं," पाटील म्हणाले. "बोलू नोका."

मामांनी ती मनाई फार निष्ठेनं पाळली. दोन वर्षं ते गंज्यांजवळून जाताना मान फिरवून जात, जणू तिथे बायका अंघोळ करत आहेत. चुकून नजर गेलीच तर डोळे मिटत. त्या नादात दोनदा नाल्यात पडले. खोपटं राहिलं होतं, सूप मिळत होतं, पण माणसाचा रंग उडाला होता. कुणी समोरून पेंढ्या घेऊन गेला तर ते आभाळाकडे पाहत. बिल्ला काळा पडला.

मग एका सकाळी माझ्या गंजीतून चाळीस पेंढ्या गेल्या. मी मोजून पाहिल्या होत्या, चाळीसच. मी मामांना बोलावलं. ते आले आणि गंजीकडे पाठ करून उभे राहिले. "मले मनाई हाय, भाऊ," ते म्हणाले.

मी म्हटलं की माझ्या गंजीपुरती ती मी उठवली. मामा वळले. दोन वर्षांचा उपाशी माणूस ताटाकडे वळावा तसे. गंजीचा उसकटलेला कोपरा त्यांनी पाहिला, सांडलेली ज्वारीची ताटं उचलली, एक अर्धवट सुटलेला बंध अंगठ्यानं चाचपला. कोणी ओढलं, कोणत्या हातानं ओढलं, सगळं त्यांच्या तोंडावर येऊन थांबलेलं मला दिसलं.

"नाव सांगू काय?" त्यांनी विचारलं. "सांगतो. पन आदी मले सांगा, तुमच्या म्हशीले यंदा चारा पुरते काय?"

"पुरतो."

"पुरते ना? कोना एकाची परवाच व्याली, अन दावनीत काडी नाही."

गावात परवा व्यालेली म्हैस एकच होती. म्हणजे नावही घेतलं नाही आणि माणूसही सांगितला. मी गंजीकडे पाहिलं. त्या गंजीतल्या किती माझ्या होत्या ते मला कधीच कळलेलं नव्हतं.

"राहू द्या, मामा," मी म्हटलं.

"मी कुठं काय म्हनलं," मामा म्हणाले, आणि दोन वर्षांत पहिल्यांदा मोठ्यानं हसले. त्या दिवसापासून आठवड्यातून एकदा ते माझ्या गंजीपाशी येत, पेंढ्या निवांत पाहून घेत आणि काही न बोलता जात. मी त्यांच्यासाठी तिथे एक दगड टाकून ठेवला होता, बसायला.

पुढे त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. मालेगावला दिलेली त्यांची भाची न्यायला तयार झाली, आणि पोचवायला गाडी माझी निघाली. आमच्या शिवेपर्यंत मामा ताठ बसून होते. शीव ओलांडल्यावर त्यांनी विचारलं, "हे कोनाचं वावर, भाऊ?" मी म्हटलं, मला माहीत नाही. "मले बी नाही," ते म्हणाले, आणि जरा सैल झाले. मग धोतराचा सोगा डोळ्यांवर ओढून गाडीतल्या गवतावर आडवे झाले. थोड्या वेळानं मागे वळून पाहिलं, तर त्यांना गाढ झोप लागली होती. इतक्या वर्षांत मी त्यांना झोपलेलं कधीच पाहिलं नव्हतं. मी बैलांचे कासरे ओढून धरले आणि मालेगावपर्यंत गाडी हळूहळूच नेली.