पानाला चिकटलेला बाप

सेरापियो सांगितल्याच्या दुप्पट काम करायचा आणि जेवायला मात्र चोरासारखा कोपऱ्यात बसायचा. उमेदीची वर्षं त्यानं नदीच्या खालच्या अंगाला, दूर तेलाच्या विहिरींवर घालवली. म्हातारपणी मुलीच्या, एडिल्माच्या आसऱ्याला आला. ती रस्त्याकडेला बिजावच्या रुंद, केळीसारख्या पानात गुंडाळून भाजलेला मासा विकते. पानं आणायचं काम बापाकडे. मी त्यांची शेजारीण. मासे साफ करते आणि तोंड चालवते.

एडिल्माची आई गेली तेव्हा सेरापियो विहिरींवरच होता. एडिल्मा आल्यागेल्याला सांगायची, "नापो नदीला पूर होता, होड्या बंद होत्या. नाहीतर बाबा धावत आले असते." हे सुरू झालं की सेरापियो लाकडं आणायला उठायचा. चूल भरलेली असली तरी उठायचा. मला त्याचा राग यायचा. पोरगी एवढं कौतुक करते, माणसानं जरा बसून ऐकावं!

त्या दिवशी गिऱ्हाईकं खोळंबली होती, म्हणून तो घाईघाईनं पानं तोडून आला. एडिल्मानं भारा सोडला आणि ओरडली, "मावशी, हे बघ!"

एका पानाच्या पाठीवर भिजल्या साबुदाण्यासारखा अंड्यांचा पुंजका होता आणि त्याला चिकटून अंगठ्याच्या पेराएवढा काचबेडूक. त्याच्या पारदर्शक पोटातलं काळीज धडधडताना दिसत होतं. पिल्लं सुटून खाली पाण्यात पडेपर्यंत हा बाप अंड्यांपाशी राखण बसतो. म्हणूनच आमच्याकडे ओढ्यावर झुकलेलं पान उलटून पाहिल्याशिवाय कोणी तोडत नाही. पान तुटलं, भाऱ्यात बांधलं, तरी गडी हलला नव्हता.

"उलटून न बघता तोडलंस?" मी सेरापियोवर डाफरले. "अक्कल काय विहिरीत टाकून आलास?"

"असू दे गं मावशी," एडिल्मा हसत म्हणाली. "बाबा, बघा तरी, अगदी तुमच्यासारखा. पूर आडवा आला नसता तर तुम्हीही आईला सोडून राहिला नसतात."

सेरापियोनं पान हातात घेतलं.

"होड्या चालू होत्या," तो म्हणाला.

"काय?"

"निरोप आला तेव्हा पूर ओसरला होता. मुकादम म्हणाला, जा. धक्क्यावर गेलो, होडीत एक पायही टाकला. पण तिला मरताना बघायची हिंमत झाली नाही, पोरी. परत फिरलो. तू पुराचं बोलायला लागलीस आणि मी बोलू दिलं. लाज वाटते मला. रोज वाटते."

निखाऱ्यावरचा मासा करपत होता. तो उलटायचंही मला सुचलं नाही.

एडिल्माचा आवाज चढला नाही. "शेवटी आई नदीकडे कान लावून पडून असायची. विचारायची, आले का गं ते? मी सांगायचे, खाली अजून पूर आहे, म्हणून अडकलेत. तेवढ्यावर ती डोळे मिटायची." तिनं करपलेला मासा बाजूला ओढला. "म्हणजे नकळत मरत्या आईला खोटं सांगितलं मी. तुमच्यापायी."

सेरापियोनं मान खाली घातली.

एडिल्मानं त्याच्या हातातलं पान अलगद काढून घेतलं, ते परत पाण्यावर झुकतं बांधायला थोडी वेल घेतली आणि ओढ्याकडे निघाली. सेरापियो लगबगीनं मागे गेला.

ती वळली. "तुम्ही नका येऊ," ती म्हणाली.