माहेरची घागर

रेणापूरजवळच्या शेषेरावांची बायको साखराबाई पाण्याच्या बाबतीत भारी चोखंदळ. सासरच्या विहिरीचं पाणी दुहेरी फडक्यातून गाळल्याशिवाय ती तोंडाला लावत नसे. "परक्या गावचं पाणी, काय भरवसा," म्हणायची. लग्नाला दहा वर्षं झाली तरी गाव परकंच. शेषेराव बिचारे मुकाट्यानं ऐकून घ्यायचे.

माहेर देगलूरकडं, बैलगाडीनं दोन दिवसांच्या वाटेवर. निजामाच्या अमलात इतक्या लांब सून धाडायला सासू तयार नसे. म्हणून दर अक्षय तृतीयेला भाऊ किशनराव माहेरच्या बारवेचं पाणी घागर भरून आणायचा. ते मात्र साखराबाई कधी गाळायची नाही, आणि त्यातला थेंबही कुणाला द्यायची नाही. आईच्या पाण्याला फडकं लावणं म्हणजे आईवर संशय घेणं, असं तिचं मत. पहिला घोट घेतला की बारवेच्या पायऱ्या, पायरीवर बसून घागर घासणारी आई, सगळं डोळ्यांपुढं यायचं.

त्या वर्षी सासूनं एकदाची परवानगी दिली. साखराबाईनं गाठोडं बांधलं, आणि घोट्यावर फोड आला. तो फुटला तशी आतून दोऱ्यासारखा नारूचा जंत डोकावला. रोज थोडा थोडा काडीला गुंडाळून काढायचा. मध्येच तुटला तर पाय सडायची भीती. माहेरची वाट पुन्हा बंद झाली.

फिरतीवर आलेल्या सरकारी डॉक्टरानं पाय पाहिला. "हा पाण्यातून पोटात जातो आणि वर्षानं बाहेर येतो. नारूचा पाय बुडला की ते पाणी पुन्हा बाधतं. मागच्या उन्हाळ्यात न गाळलेलं पाणी कुठलं प्यालात?"

साखराबाईला लख्ख आठवलं. "कुठलंच न्हाई," ती म्हणाली. शेषेरावांना घागर ठाऊक होती. तेही काही बोलले नाहीत.

किशनराव न्यायला आला तो घागर घेऊनच. बहिणीचा पाय बघून त्यानं ती ओसरीवरच ठेवली. "आईनं सोताच भरून दिली. पायाला तिच्याबी नारू हाय, तरी बारवेत उतरली. लई वाट बघून राहिली तुझी."

साखराबाई घागरीवर हात ठेवून रडली. तेवढ्यात पाच वर्षांची लेक सिंधू आली. "मलाबी दे की आजीचं पाणी."

साखराबाईनं फडकं मागवलं, दुहेरी करून तांब्यावर धरलं आणि लेकीला पाणी गाळून दिलं. मग फडकं बाजूला ठेवलं, घागर कलती केली आणि स्वतः तसंच प्याली, पोटभर.