पाटलाची काहील

मला लोक चरित्रं भेट देतात. म्हातारीला वाचनाची आवड आहे असं कुणीतरी सांगितलेलं असतं, मग कुण्या थोरामोठ्याचं जाडजूड चरित्र माझ्या पुढ्यात येऊन पडतं. मी वाचतेही. पण नायकानं पुरात उडी घेतली, आगीत शिरून लेकरं काढली, असं पान आलं की माझं डोकं फिरतं. त्या वेळी तिथं आणखी कोण होतं, हे त्या लिहिणाऱ्याला मानगूट धरून विचारावंसं वाटतं. याला कारण एक पाटील. तो मेला त्याला कैक वर्षं झाली, माझा राग मात्र त्याच्याबरोबर सरणावर गेला नाही.

ही गोष्ट निजामाच्या राज्यातली. आमचं गाव हिंगोलीकडं, पुसेगावच्या अंगाला, आणि माझी आत्या कयाधू नदीकाठच्या एका गावात दिलेली. तिच्या नवऱ्याला आम्ही मामा म्हणायचो. अंगानं दांडगा, बोलायला लाजरा माणूस. त्या गावचा पाटील म्हणजे बडं प्रस्थ. दुमजली माडी, स्वतःचं गुऱ्हाळ, हिंगोलीच्या कचेरीत उठबस. त्याच्यासमोर मान वर करून बोलायची कुणाची छाती नव्हती.

मी लहान असताना एका श्रावणात कयाधूला पूर आला. ज्यांना गावात कुणी शिवून घेत नसे, त्यांची घरं गावाबाहेर, अगदी नदीच्या तोंडाशी होती. पाणी त्या घरांभोवती फिरलं आणि माणसं छपरांवर चढून बसली. नाव कुठून आणायची? मामानं पाटलाच्या गुऱ्हाळात पालथी पडलेली काहील उभी केली. काहील म्हणजे उसाचा रस आटवायची भली थोरली लोखंडी कढई, अख्खं घर तिच्यात बसेल एवढी. ती त्यानं घरंगळत पाण्यापर्यंत नेली, हातात एक फळी घेतली आणि छपरांवरची लेकरं, म्हातारी माणसं एकेक करून आणायला लागला. पाटील तेव्हा माडीवर उभा होता. तिथून तो छाती फुटेस्तोवर ओरडत होता, "माझी काहील! अरे, माझी काहील बाटवली रे!"

हे साऱ्या गावानं कानानं ऐकलं. शेवटच्या खेपेला पुरातून आलेला ओंडका काहिलीवर आदळला. आत बसलेल्या बाईला मामानं काठाकडे ढकललं, ती वाचली. मामा वाहून गेला. दुसऱ्या दिवशी खालच्या गावाला सापडला. पाटील त्याच्या मातीलाही आला नाही.

आत्याला मूलबाळ नव्हतं. ती आमच्याकडे परत आली ती कायमचीच.

पुढं मी मोठी झाले. शाळा उर्दूची आणि ती मुलांची, त्यामुळे मला वडिलांनी घरीच पोथीवरून वाचायला शिकवलं होतं. माझं लग्न झालं त्याच्या दुसऱ्या वर्षी आमच्या चुलत्यानं आपल्या मुलीची सोयरीक जमवली, आणि जमवली ती नेमकी त्या पाटलाच्या मुलाशी! आत्यानं ऐकलं आणि सुपातलं निवडणं पुढं चालू ठेवलं. पाटलाच्या घरून साखरपुड्याला साखर आली, लुगडं आलं आणि सोबत पाटलाचं छापील चरित्र आलं. हिंगोलीच्या एका मुनशीकडून त्यानं ते लिहून घेतलं होतं. साऱ्या सोयऱ्याधायऱ्यांना पानसुपारीबरोबर एकेक प्रत.

आमच्या घरात तोवर छापलेलं असं एकच होतं, ते म्हणजे पोथी. मग आईनं काय केलं, पाट मांडला, त्यावर पाटलाचं चरित्र ठेवलं आणि हळदकुंकू वाहिलं. आज मला हसू येतं, पण तेव्हा कुणालाच त्यात वावगं वाटलं नाही. मी माहेरी आलेली होते, मला वाचायला बसवलं. घरातली सगळी समोर हात जोडून बसली, आत्यासुद्धा.

पाटलाचं कूळ झालं, दानधर्म झाला. मग पुराचं पान आलं. त्यात लिहिलं होतं: "अशा बिकट समयी एका चोरट्याने गुऱ्हाळातील काहील लांबविली व आपल्या पापाचे फळ तो तत्काळ पावला. चरित्रनायकांनी मात्र जिवाची पर्वा न करता पुरात उडी घेऊन कित्येक जीव तारिले."

माझी जीभ अडखळली. आत्या म्हणाली, "परत वाच."

मी परत वाचलं. तिनं जोडलेले हात सोडले, त्या हातांकडे बघत राहिली. मग म्हणाली, "त्याला हे लोक चोर म्हणून राहिले, अन् मी हात जोडून ऐकत बसले."

ते ऐकून माझ्या अंगाचा जो भडका उडाला तो मला अजून आठवतो. मी ते चरित्र चुलीत घालायला उठले. वडिलांनी हात धरला. "पाटलाशी वैर घेऊन कसं चालंल? कचेरीत त्याचा शब्द चालतो. तकलीफ आपल्यालाच व्हईल," ते म्हणाले. चुलता तर रडकुंडीला आला. सोयरीक मोडली तर मुलीला पुन्हा कोण विचारणार, हा त्याचा घोर.

आत्या म्हणाली, "सोयरीक काहून मोडता? लगीन होऊ द्या. मांडव आपल्या दारात हाय."

तिच्या बोलण्यातली गोम फक्त बायांना कळली. आमच्याकडे लग्नात व्याह्यांची पंगत बसली की मुलीकडच्या बाया गाणी म्हणतात. त्यात व्याह्याची उणीदुणी काढायची, त्याचं पोट, त्याची कंजुषी, त्याची बायको, काही सोडायचं नाही. आणि व्याह्यानं राग धरायचा नाही. तो हसला पाहिजे, आणि जेवण झाल्यावर गाणाऱ्या बाईच्या ओटीत खण-नारळ घातला पाहिजे. ताटावरून उठला तर साऱ्या मुलखात छी-थू होते. राजाचा कायदा मोडेल, हा मोडत नाही.

विधवा बाईनं मांडवात पुढं यायचं नाही, हाही कायदाच होता. म्हणून गाणं आत्यानं रचायचं आणि म्हणायचं मी असं ठरलं. रोज पहाटे जात्यावर आम्ही दोघी बसायचो. ती एकेक ओळ सांगायची, मी गळ्यात बसवायचे. आत्या त्या दिवसांत कधी रडली नाही. उलट एखादी ओळ चांगली जमली की खुदकन हसायची, आणि मी जास्तच जोरानं दळायचे.

लग्नाच्या दिवशी पाटील रेशमी फेटा बांधून पंगतीत मधोमध बसला. बाजूला हिंगोलीचे कचेरीतले लोक आणि चरित्र लिहिणारा तो मुनशी. बुंदी वाढून झाली. मी पदर खोचून पुढं झाले. आधी साधीसुधी थट्टा केली, पंगत खुश झाली. मग मी आवाज चढवला:

"व्याही आमचे थोर गं, त्यांची माडी उंच,
पूर आला दारी गं, व्याही माडीवर.
माडीवरून व्याही गं काय बोलले?"

आणि मागच्या साऱ्या बायांनी एका सुरात उत्तर दिलं, "माझी काहील! माझी काहील!"

"लेकरं बुडू लागली गं, म्हातारी बुडू लागली,
व्याही काय बोलले?" — "माझी काहील!"

"शेजारचा धावला गं, जीव देऊन गेला,
व्याही काय बोलले?" — "माझी काहील!"

पाटलाच्याच गावची वऱ्हाडी मंडळी फिस्सकन हसली. त्यांनी तर ते कानानं ऐकलेलं. मुनशी बुंदीतच डोकं घालून बसला. पाटलाचा हात ताटात तसाच थांबला, चेहरा आधी तांबडा आणि मग राखेसारखा झाला. मी त्याच्या डोळ्यांत डोळे घालून शेवटचं कडवं पुन्हा म्हटलं. मला भीती वाटली नाही, फार गोड वाटलं. शेवटी तो हसला. हसावंच लागलं त्याला. जेवण झाल्यावर त्यानं माझ्या ओटीत खण-नारळ घातला. मागच्या दारात, धान्याच्या पोत्यांआड आत्या उभी होती. तिनं ते सगळं पाहिलं.

चुलत्याच्या मुलीचे हाल होतील असं सगळे म्हणत होते. कसले हाल! सासऱ्यानं आवाज चढवला की ती चुलीपाशी हळूच गुणगुणायला लागायची, घर गप्प व्हायचं. गाणं तोवर गावोगाव गेलं होतं. जिथं पाटील सोयरा म्हणून जाई तिथं बाया आधीच खाकरून तयार. चरित्राच्या प्रती मात्र लोकांनी कुठं टाकल्या कुणास ठाऊक.

निजामाचं राज्य गेलं त्या वर्षी थंडीत पाटलाची बैलगाडी आमच्या दारात उभी राहिली. पाटील खचला होता. कचेरी बदलली होती, उठबस संपली होती. मी माहेरी होते. मी त्याला पाणीसुद्धा विचारलं नाही. आत्यानंच तांब्या भरून ओट्यावर ठेवला आणि उंबऱ्यात उभी राहिली.

"बाई, पोरीचं लगीन जमवलंय," तो म्हणाला. "तिच्या सासरच्या बायांनी ते गाणं म्हणून तिला टोचायला नको. तुमी सांगितलं तर बाया ऐकतील."

"काहून? गाण्यात खोटं हाय का काही?"

"न्हाई."

"माझा मालक चोर व्हता?"

त्यानं नाही म्हणून मान हलवली.

"तोंडानं सांगा, पाटील. मोठ्यानं. गल्लीला ऐकू जाऊ द्या."

गल्लीतली दारं एव्हाना उघडलीच होती. पाटील म्हणाला, "चोर नव्हता. त्यानं माणसं वाचवली. मी माडीवर व्हतो." पाणी न पिताच तो गाडीकडे वळला.

"जावा," आत्या म्हणाली. "तुमच्या पोरीपुढं न्हाई म्हणणार कुणी. आता कुठंच न्हाई म्हणणार. पण माफ केलं असं समजू नका."

गाडी गेली तशी मी आत्यावर बरसले. एवढ्यावर सोडलंस कशाला त्याला? ती म्हणाली, "मला त्याच्या तोंडून ऐकायचं व्हतं, ऐकलं. आता त्याच्या पोरीला काहून जाळू?"

तिनं गावोगावच्या बायांना निरोप धाडले आणि गाणं बंद झालं. आत्यानं दिलेला शब्द मरेपर्यंत पाळला. तो शब्द तिचा होता. माझ्याकडे पाटलानं मागितला नाही, आणि मी दिलेला नाही.